चाळीस मिनिटांच्या चित्रपटाचा खटला

रविवार, ७ जानेवारी १९५१. योगायोग असा की त्या काळच्या उपासना-दिनदर्शिकेप्रमाणे तो पवित्र कुटुंबाच्या सणाचा दिवस होता. त्या दिवशी न्यूयॉर्क महाधर्मप्रांतातील चर्चमध्ये मिस्सेच्या वेळी कार्डिनल फ्रान्सिस स्पेलमन यांचे एक निवेदन वाचून दाखविण्यात आले. विषय होता शहरातील ‘पॅरिस’ नावाच्या एका लहानशा चित्रपटगृहात चालू असलेला इटालियन चित्रपट. हा चित्रपट म्हणजे प्रत्येक ख्रिस्ती माणसाचा अवमान आहे, इटालियन स्त्रीत्वाची ती निंदा आहे, कॅथलिकांनी त्याच्याकडे पाठ फिरवावी आणि असे चित्रपट दाखविताच येऊ नयेत इतका कायदा बळकट व्हावा, असा त्या निवेदनाचा आशय होता. निवेदन ऐकणाऱ्यांपैकी फारच थोड्यांनी तो चित्रपट पाहिलेला असणार, कारण तो लागून चारच आठवडे झाले होते आणि त्यातले काही दिवस तो बंदच होता. त्यानंतर चित्रपटगृहासमोर निदर्शकांच्या रांगा लागल्या. बॉम्ब ठेवल्याच्या धमक्या आल्या आणि प्रेक्षागृह रिकामे करावे लागले.

ज्या चित्रपटावरून हे सारे घडले तो जेमतेम चाळीस मिनिटांचा आहे. रॉबेर्तो रोसेलिनी यांचा ‘इल मिराकोलो’, म्हणजे ‘चमत्कार’. आज त्याचे नाव चित्रपटाच्या इतिहासापेक्षा कायद्याच्या पुस्तकांतच अधिक आढळते. आम्हांस मात्र या प्रकरणात आपल्या, म्हणजे श्रद्धावंतांच्या, स्वभावाचा एक आरसा दिसतो. म्हणून त्याची हकीकत थोडी विस्ताराने सांगावीशी वाटते.

प्रथम कथा. इटलीच्या दक्षिणेकडील अमाल्फीच्या किनाऱ्यावर डोंगर उतरत उतरत थेट समुद्रात शिरतात. तेथील एका गावात नान्नी नावाची एक भोळसट बाई शेळ्या राखते. गावाच्या लेखी ती वेडी. तिच्या लेखी स्वर्ग अगदी हाकेच्या अंतरावर. एके दिवशी डोंगरावर तिला एक दाढीवाला वाटसरू भेटतो. ती त्याला संत योसेफ समजते. त्याच्याशी ती अखंड बोलत राहते, आपल्याला स्वर्गात घेऊन जा म्हणून विनवते. तो मात्र एक शब्दही बोलत नाही. तो तिला द्राक्षारस पाजत राहतो. तिला झोप लागते. जाग येते तेव्हा तो गेलेला असतो. काही महिन्यांनी ती गरोदर असल्याचे ध्यानी येते, आणि आपल्यावर देवाची कृपा झाली असे ती सर्वांना सांगू लागते. मग गाव तिची थट्टा मांडते. तिची मिरवणूक काढतात, स्तोत्रे गातात, तेजोवलय म्हणून तिच्या डोक्यावर पत्र्याचे एक भांडे ठेवतात आणि तिला पिटाळून लावतात. दिवस भरल्यावर ती एकटीच डोंगर चढू लागते. वर एक चर्च आहे. वाटेत एक शेळी भेटते, तिच्या मागोमाग ती चर्चपर्यंत पोहोचते आणि तेथे एकटीच बाळंत होते.

नान्नीची भूमिका केली आहे आना मान्यानी यांनी. कथा फेदेरिको फेलिनी यांची, आणि तो अबोल वाटसरूही तेच, केस सोनेरी रंगवून. पुढे जगभर गाजलेल्या या दिग्दर्शकाने पडद्यावर साकारलेली ही मुकी भूमिका ठाऊक असणारे आज थोडे असतील.

आता प्रामाणिकपणे विचार करू. ही कथा ऐकून एखाद्या भाविक कॅथलिकाच्या मनाला चटका बसणार नाही काय? संत योसेफांचे नाव आहे, पुरुषाविना गर्भ राहिल्याचा दावा आहे, जनावरांच्या सोबतीने झालेला जन्म आहे. नाताळच्या गोठ्याशी असलेले हे साम्य अपघाती नव्हे. ज्यांना ते खटकले त्यांना मूर्ख ठरवून मोकळे होणे आम्हांस मान्य नाही. पवित्र मरियेविषयी आपल्या घराघरांत जो जिव्हाळा आहे तो काही युक्तिवादाने उभा राहिलेला नाही, आणि त्याला धक्का बसला तर दुखते, हे खरेच आहे. प्रश्न दुखण्याचा नाही. दुखल्यावर आपण काय करतो, याचा आहे.

इटलीत काय झाले ते पाहण्यासारखे आहे. १९४८ साली व्हेनिसच्या महोत्सवात हा चित्रपट दाखविला गेला. कॅथलिक चित्रपट केंद्राने त्यावर कडक शब्दांत टीका केली आणि तो धर्माची विटंबना करणारा ठरविला. व्हॅटिकनच्या ‘लोस्सेर्वातोरे रोमानो’ या दैनिकाच्या समीक्षकाने धार्मिक दृष्टीने गंभीर आक्षेप नोंदविले, पण त्यातील कलागुणही मान्य केले आणि रोसेलिनींच्या कलेवरील आपला विश्वास ढळलेला नाही असे लिहिले. ख्रिस्ती लोकशाही पक्षाच्या मुखपत्राने तर तो मानवी व सुंदर वाटल्याचे सांगितले. एकाच देशात, एकाच धर्माच्या माणसांनी तीन प्रकारची मते दिली. चित्रपटावर सरकारी बंदी आली नाही. पोप महोदयांच्या दारातल्या इटलीने जे पचविले ते अटलांटिकपलीकडच्या न्यूयॉर्कला का पचले नाही?

त्याचे उत्तर अमेरिकेतील कॅथलिकांच्या इतिहासात आहे. हा समाज मुख्यत्वे स्थलांतरितांचा. आयरिश, इटालियन, पोलिश मजूर कुटुंबांचा. प्रॉटेस्टंट बहुसंख्येच्या देशात त्याला दीर्घकाळ दुय्यम वागणूक मिळाली होती. चित्रपट हे असे क्षेत्र होते की जेथे या समाजाला आपले संघटित बळ प्रथमच प्रत्ययास आले. १९३० साली हॉलिवूडने जी नीतिसंहिता स्वीकारली तिचा मसुदा डॅनियल लॉर्ड या येशूसंघीय धर्मगुरूंनी लिहिला होता. कोणत्याही धर्मश्रद्धेची टर उडवू नये, धर्मगुरूला विनोदी पात्र वा खलनायक म्हणून रंगवू नये, असे त्यात कलम होते. ती पाळली जात नाही असे दिसल्यावर बिशपांनी ‘लीजन ऑफ डीसन्सी’ ही सदाचाराची चळवळ उभी केली. १९३४ मध्ये फिलाडेल्फियाच्या कार्डिनल डॉहर्टी यांनी तर आपल्या लोकांना सर्वच चित्रपट वर्ज्य केले. पुढे दरवर्षी डिसेंबरात, मरियेच्या निष्कलंक गर्भसंभवाच्या सणाच्या सुमारास, चर्चमध्ये उभे राहून लोक अनैतिक चित्रपट न पाहण्याची शपथ घेत. लीजनने ‘निषिद्ध’ म्हणून शिक्का मारलेला चित्रपट लावायला चित्रपटगृहांचे मालक धजत नसत. पोप पायस अकरावे यांनी १९३६ च्या ‘विजिलांती कुरा’ या परिपत्रकात या चळवळीचे कौतुक केले.

या चळवळीची हेटाळणी करण्याची अलीकडे पद्धतच पडली आहे. ती आम्हांस न्याय्य वाटत नाही. आपल्या मुलांनी काय पाहावे याची चिंता करणे हा आईबापांचा हक्क आहे, आणि आपला पैसा कोणत्या खिडकीत टाकायचा नाही हे ठरविण्याचा हक्क तर प्रत्येकालाच आहे. परंतु शपथ घेणाऱ्याला सवय लागते ती यादी वाचण्याची. चित्रपट पाहून आपला विवेक वापरण्याची नव्हे.

त्यात १९५० साल होते. आदल्याच वर्षी इन्ग्रिड बर्गमन पती आणि कन्या यांना मागे ठेवून रोसेलिनींकडे इटलीला गेल्या होत्या. सेंट जोनची भूमिका करणारी ही नटी अमेरिकन कॅथलिकांची विशेष लाडकी होती. १९५० च्या फेब्रुवारीत त्यांना रोसेलिनींपासून मुलगा झाला, आणि मार्चमध्ये अमेरिकेच्या सिनेटमध्ये या दोघांवर जाहीर तोफ डागण्यात आली. अशा माणसाने पवित्र गर्भधारणेची छाया असलेला चित्रपट काढावा! निकाल बहुतेकांच्या मनात चित्रपट येण्यापूर्वीच लागला होता.

चित्रपटाचे वितरक होते जोसेफ बर्स्टिन, पोलंडहून आलेले एक ज्यू गृहस्थ. त्यांनी ‘इल मिराकोलो’ला रेन्वार व पान्योल यांच्या दोन फ्रेंच लघुपटांची जोड दिली आणि ‘प्रेमाच्या वाटा’ अशा अर्थाच्या एका नावाखाली तिन्ही एकत्र दाखविले. न्यूयॉर्क राज्याच्या चित्रपट विभागाने रीतसर परवाना दिला होता. १२ डिसेंबर १९५० रोजी खेळ सुरू झाले. नाताळच्या दोन दिवस आधी शहराच्या परवाना आयुक्तांनी चित्रपट ईश्वरनिंदक असल्याचे जाहीर करून तो उतरविण्याचा हुकूम दिला, नाहीतर चित्रपटगृहाचा परवाना जाईल असे बजावले. न्यायालयाने जानेवारीच्या पहिल्याच आठवड्यात आयुक्तांना असा अधिकार नाही असे सांगितले. लगेचच्या रविवारी कार्डिनलांचे निवेदन वाचले गेले. नंतर हजारो पत्रे आणि तक्रारी राज्याच्या शिक्षण मंडळाकडे गेल्या. मंडळाच्या तीन सदस्यांच्या समितीने चित्रपट पाहिला, आणि १६ फेब्रुवारी १९५१ रोजी, त्याच राज्याच्या अधिकाऱ्यांनी दिलेला परवाना ‘पावित्र्यविडंबन’ या कारणासाठी रद्द करण्यात आला.

निदर्शकांच्या रांगांत असलेल्या कॅथलिकांची आठवण सारेच काढतात. रांगेबाहेर राहिलेल्या कॅथलिकांची आठवण फारशी कोणी काढीत नाही, म्हणून येथे मुद्दाम काढतो. ऑटो स्पेथ हे धार्मिक कलेच्या क्षेत्रात काम करणारे प्रापंचिक. त्यांनी चित्रपट स्वत: पाहिला, इतरांना दाखविला आणि त्यात धर्मनिंदा आढळली नाही असे लिहिले. कवी ॲलन टेट नुकतेच कॅथलिक झाले होते. त्यांनी वृत्तपत्रात पत्र लिहून बंदीला विरोध केला. नोत्र दाम या कॅथलिक विद्यापीठात इंग्रजी शिकविणारे विल्यम क्लॅन्सी यांनी ‘कॉमनवील’ या कॅथलिक साप्ताहिकात मार्च १९५१ मध्ये एक लेख लिहिला. कलेच्या बाबतीत कॅथलिक माणूस अडाण्यासारखा वागतो आणि धर्माचे रक्षण करण्याच्या नावाखाली धर्मालाच बदनाम करतो, असा त्याचा रोख होता. क्लॅन्सी यांची विद्यापीठातील नोकरी त्यानंतर राहिली नाही. त्यांनी चर्च सोडले नाही, श्रद्धा सोडली नाही. फक्त आपल्याच माणसांना एक कटू गोष्ट आपल्याच नियतकालिकात सांगितली. घरात बोललेल्या शब्दाची किंमत बाहेर बोललेल्या शब्दापेक्षा जास्त पडते, हा अनुभव आपल्याकडेही नवा नाही.

स्वत: रोसेलिनींनी कार्डिनलांना तार पाठविली होती. माणसे देवाकडे परतलेली नाहीत म्हणून ती अद्याप निष्ठुर आहेत, पण त्या छळलेल्या बाईच्या गोंधळलेल्या श्रद्धेत देव हजर आहे, असा तिचा आशय. चित्रपट पाहिल्यावर आम्हांस हे स्पष्टीकरण ओढूनताणून केलेले वाटले नाही. पडद्यावर विटंबना होतेच. ती कोण करते ते पाहायला हवे. स्तोत्रे गात भांड्याचे तेजोवलय चढविणारे ते गावकरी नान्नीच्या नव्हे, आपल्याच धर्माच्या खुणांची थट्टा करीत असतात. आणि मुळात एका अजाण बाईला मद्य पाजून तिच्यावर जो अत्याचार झाला, त्याविषयी त्या साऱ्या गदारोळात फारसे कोणी बोललेच नाही. सिद्धान्ताला बसलेला धक्का सर्वांना दिसला, बाईला बसलेला दिसला नाही. आम्हांस या प्रकरणातील हीच गोष्ट सर्वांत बोचते.

बर्स्टिन स्वस्थ बसले नाहीत. खटला राज्याच्या सर्वोच्च न्यायालयीन पायरीवर ते हरले. तेथून प्रकरण वॉशिंग्टनला गेले. १९१५ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने चित्रपट हा निव्वळ धंदा आहे, वृत्तपत्रासारखे संरक्षण त्याला नाही, असा निवाडा दिला होता. सदतीस वर्षे तो कायम होता. २६ मे १९५२ रोजी न्यायालयाने एकमताने तो बाजूला सारला. चित्रपट हे विचार पोहोचविण्याचे महत्त्वाचे साधन आहे, आणि एखाद्या धर्ममतावर झालेला खरा वा काल्पनिक हल्ला दडपणे हे सरकारचे काम नव्हे, असे न्यायमूर्ती टॉम क्लार्क यांनी लिहिले. अशी सत्ता हाती आलेला परीक्षक अखेरीस सर्वांत बलवान पंथाच्या मताने चालू लागेल, ही भीतीही त्यांनी व्यक्त केली. या निकालामुळे तेथील राज्यांच्या परीक्षण मंडळांचा पायाच खचला आणि पुढच्या दीड दशकात ती जवळजवळ नाहीशी झाली.

कायद्याचा हा भाग इतरत्र वाचायला मिळेल. आम्हांस अधिक गोडी वाटली ती न्यायमूर्ती फेलिक्स फ्रँकफर्टर यांच्या स्वतंत्र, पूरक निकालपत्राची. हे न्यायमूर्ती धर्माने ज्यू. त्यांनी ‘पावित्र्यविडंबन’ या एका शब्दाचा अर्थ शोधण्यासाठी जुने शब्दकोश धुंडाळले आणि थेट संत थॉमस अक्वायनस यांच्यापर्यंत मजल मारली. मूळ अर्थ मर्यादित होता: देवाला वाहिलेल्या वस्तूची, स्थळाची वा व्यक्तीची चोरी, नासधूस, गैरवापर. देवाविषयी अनुचित बोलणे हे वेगळे पाप, त्याला ईश्वरनिंदा म्हणतात. धर्मशास्त्राने काळजीपूर्वक आखलेल्या या रेषा पुसून राज्याने ‘कोणत्याही धर्माचा उपहास’ असा ऐसपैस अर्थ लावला, तर कोणता चित्रपट कोणाला उपहास वाटेल याला धरबंध उरणार नाही, असे त्यांचे म्हणणे. आपल्याच संताचा आधार आपल्याविरुद्ध, आणि तोही एका ज्यू न्यायमूर्तीने घ्यावा, यात थोडी गंमत आहे. पण आधार चुकीचा घेतला असे मात्र म्हणवत नाही.

बर्स्टिन यांना विजयाचा उपभोग फार काळ मिळाला नाही. १९५३ च्या नोव्हेंबरात युरोपला जाताना विमानातच त्यांचे निधन झाले.

आता रोमकडे वळू, कारण चर्चचा पुढचा प्रवास न्यूयॉर्कच्या रांगेत थांबला नाही. १९५७ च्या ‘मिरांदा प्रोर्सुस’ या परिपत्रकात पोप पायस बारावे यांनी प्रेक्षकाला चित्रपट समजून घेण्याचे शिक्षण देण्यावर भर दिला. वाट सरळ मात्र नव्हती. १९६१ साली बुन्युएल यांच्या ‘विरिदियाना’ला कानच्या महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळताच ‘लोस्सेर्वातोरे रोमानो’ने त्यावर झोड उठविली, आणि स्पेनमध्ये तो १९७७ पर्यंत दिसू शकला नाही. १९६३ साली पिएर पाओलो पासोलिनी यांना, ख्रिस्ताच्या दु:खसहनाचे चित्रीकरण चालू असताना क्रूसावरच मरण पावणाऱ्या एका भुकेल्या मजुराच्या लघुपटासाठी, राज्यधर्माचा अवमान केल्याबद्दल चार महिन्यांची शिक्षा सुनावली गेली. ती अपिलात रद्द झाली. हेच पासोलिनी, देव न मानणारे आणि मार्क्सवादी, १९६२ च्या ऑक्टोबरात असिसीला एका कॅथलिक संस्थेचे पाहुणे होते. पोप जॉन तेविसावे त्या दिवशी गावात येणार म्हणून रस्ते गजबजलेले. पासोलिनी खोलीतच राहिले आणि उशाशी असलेले शुभवर्तमान त्यांनी एका बैठकीत वाचून काढले. त्यातून १९६४ साली मत्तयच्या शुभवर्तमानावरचा चित्रपट जन्मला. वृद्ध मरियेच्या भूमिकेत त्यांची स्वत:ची आई होती. चित्रपट पोप जॉन यांच्या स्मृतीस अर्पण केलेला, आणि व्हेनिसला आंतरराष्ट्रीय कॅथलिक चित्रपट संघटनेचा पुरस्कारही त्यालाच. एका वर्षी आरोपी, दुसऱ्या वर्षी सन्मानित.

१९९५ मध्ये चित्रपटाला शंभर वर्षे झाली तेव्हा व्हॅटिकनने पंचेचाळीस उल्लेखनीय चित्रपटांची यादी प्रसिद्ध केली. तीत पासोलिनींचा हा चित्रपट आहे. ‘विरिदियाना’ नाही, पण बुन्युएल यांचा ‘नाझारिन’ आहे. रोसेलिनींचे दोन आहेत: ‘रोम, खुले शहर’ आणि संत फ्रान्सिसवरचा १९५० चा चित्रपट. या दुसऱ्या चित्रपटाच्या लेखनातही फेलिनी होते, दोन धर्मगुरूंचे साहाय्य होते, आणि फ्रान्सिसच्या बंधूंच्या भूमिका खऱ्याखुऱ्या फ्रान्सिस्कन बंधूंनी केल्या होत्या. त्यातील बंधू जुनिपर आठवतो ना? अंगावरचा झगा काढून देणारा, मार खाऊन हसणारा, सर्वांना खुळा वाटणारा. आमच्या मते नान्नी त्याची सख्खी बहीण आहे. १९५० च्या ऑगस्टमध्ये व्हेनिसला रोसेलिनींचा फ्रान्सिस लोकांपुढे आला, आणि त्याच डिसेंबरात न्यूयॉर्कमध्ये ते धर्मनिंदक ठरले.

भारतातही १९५२ हेच साल महत्त्वाचे. आपला चित्रपट कायदा त्याच वर्षीचा. आपली वाट मात्र वेगळी झाली. ख्वाजा अहमद अब्बास यांच्या खटल्यात १९७० साली आपल्या सर्वोच्च न्यायालयाने पूर्वपरीक्षण वैध ठरविले, पण कलेला वाव ठेवा असेही बजावले. १९८९ मध्ये एका तमिळ चित्रपटाच्या प्रकरणात ते आणखी पुढे गेले: निदर्शनांच्या वा हिंसेच्या धमकीपुढे मान तुकवून अभिव्यक्ती दडपता येणार नाही.

२००६ साली ‘द दा विंची कोड’ आला. मुंबईत आपल्या लोकांनी निदर्शने केली. परीक्षण मंडळाने केवळ प्रौढांसाठी प्रमाणपत्र दिले आणि ही कथा काल्पनिक असल्याची सूचना जोडायला लावली. आंध्र प्रदेश व तमिळनाडू सरकारांनी बंदी घातली, ती उच्च न्यायालयांत टिकली नाही. त्या दिवसांत आमच्या धर्मग्रामातही मिस्सेनंतर सहीसाठी एक कागद फिरला. आम्हीही सही केली. चित्रपट पाहिला नव्हता, कागदही पुरता वाचला नव्हता. पुढे आलेले पेन नाकारण्याचा संकोच वाटला, एवढेच. पुढे चित्रपट पाहिला तेव्हा तो रटाळ वाटला. त्यात दु:ख होण्यासारखे होते. राज्यसत्तेला हाक मारण्यासारखे काय होते, ते आम्हांस आजही सांगता येत नाही.

काही वर्षांनंतर त्याच धर्मग्रामाच्या सभागृहात युवकांसाठी ‘इल मिराकोलो’ दाखविण्याचे ठरले. दाखवावा की नाही यावर आधी दोन बैठका झाल्या. फादरांनी सुरुवातीला स्पेलमन यांचे निवेदन आणि क्लॅन्सी यांचा लेख, दोन्हींचा सारांश सांगितला आणि दिवे मालविले. पंचवीस-तीस माणसे होती, त्यांत युवक थोडे आणि त्यांच्या आज्याच जास्त. दिवे लागल्यावर बराच वेळ कोणी बोलले नाही. एक गृहस्थ म्हणाले, त्यांना तो अजूनही आवडला नाही, आणि त्यांनी कारणेही सांगितली. कोणी तरी फेलिनींविषयी विचारले. मग मागच्या बाकावरून एका वृद्ध बाईंनी हात वर केला. त्यांना एवढेच विचारायचे होते की, त्या लेकराचा बाप्तिस्मा कोणी केला? चित्रपट तेथेच संपतो, असे फादरांनी सांगितले. बाईंचे समाधान झाले नाही. गावात एवढी माणसे होती, एक तरी वर गेली असेलच की, असे त्या दाराबाहेर पडेपर्यंत शेजारणीला सांगत होत्या.